डेन्मार्कचा नंदी

सांगलीत सगळ्यांना ठाऊक होतं की शैलाताई ऑस्ट्रेलियात अडकल्या. विश्रामबागेतल्या वाण्यापासून मिरजेच्या मावसबहिणीपर्यंत जो तो हळहळत होता. "बिचारी! लेकाकडं तीन महिने म्हणून गेली, आणि करोनानं दारच लावून घेतलं बघा." फोन यायचे. फोनवर आधी सुस्कारा यायचा, मागून माणूस. शैलाताईही तसाच एक सुस्कारा इकडून परत पाठवायच्या, "काय करायचं, विमानंच नाहीत," म्हणायच्या, आणि फोन ठेवून परसातल्या मेथीला पाणी घालायला जायच्या. जाताना गुणगुणत जायच्या.

आणि विमानं तर होती.

मे महिन्यात भारतीय कॉन्सुलेटचा पहिला फोन आला तेव्हा थोरला हृषिकेश गॅरेजमध्ये टेबल टाकून ऑफिसच्या मीटिंगला बसला होता. सून मेधा वेस्टमीडला लॅबमध्ये शिफ्टला गेली होती. चार वर्षांची रुचा स्वयंपाकघरात स्टुलावर उभी राहून ओल्या फडक्यावरच्या थालीपिठाला बोटानं भोकं पाडत होती, आणि प्रत्येक भोकाला "दिस वन इज द मम्मी, दिस वन इज द बेबी" असं नाव देत होती.

"मॅडम, मंगळवारच्या फ्लाइटमध्ये तुम्हाला सीट आहे. येणार ना?"

शैलाताईंनी थालीपिठाकडे पाहिलं. मम्मी झाली होती, बेबी झालं होतं, अजून आजीचं भोक पाडायचं राहिलं होतं. त्यांच्या तोंडून आपोआप निघून गेलं, "माझ्यापेक्षा गरजू कुणी असेल, त्यांना द्या."

किती चांगलं वाक्य होतं! त्या वाक्याच्या पुण्याईवर दोन दिवस झकास गेले. तिसऱ्या दिवशी हृषिकेशनं विचारलं, "आई, कॉन्सुलेटचा फोन-बिन आला होता का गं?" आणि त्या म्हणाल्या, "नाही रे बाबा."

हे वाक्य मात्र चांगलं नव्हतं. जूनमध्ये दुसरा फोन आला, जुलैत तिसरा. दर वेळी नाव पुन्हा यादीत जाऊन बसायचं, आणि हृषिकेश दर सोमवारी फोन करून विचारायचा तेव्हा पलीकडचा माणूस खरं तेच सांगायचा, "नाव यादीत आहे, सर. कळवू."

सहासष्ट वर्षांच्या आयुष्यात शैलाताई खोटं बोललेल्या नव्हत्या असं नाही. पण ती सगळी खोटी वाक्यं मिठाच्या खड्यासारखी, टाकली की विरघळणारी. हे विरघळेना. रोज सकाळी उठलं की तिथंच बसलेलं असायचं, गॅसच्या ओट्यावर, चहाच्या डब्याशेजारी.

*

शहराच्या कडेच्या स्कोफिल्ड्समधली नवी घरं एकमेकांना इतकी खेटून बांधली आहेत की शेजाऱ्याकडे मोहरी तडतडली तर आपण आपल्या डाळीकडे बघावं. मध्ये पत्र्याचं उंच कुंपण. शेजारची जमीन इकडच्यापेक्षा वीतभर वर. त्यामुळे एप्रिलमधल्या एका सकाळी त्या कुंपणावर नाकापासून वरचं एक डोकं उगवलं: पांढरे बारीक कापलेले केस, आणि निरांजनाच्या ज्योतीला खाली जशी निळाई असते तसे डोळे.

"सॉरी," डोकं म्हणालं, "पण तो वास कशाचा आहे?"

शैलाताईंनी दुधाचा रिकामा क्रेट उलटा केला, त्यावर चढल्या आणि म्हणाल्या, "मेथी."

अशी ओळख झाली. बाईचं नाव बोडिल. वय बाहत्तर. डेन्मार्कहून लेकीच्या बाळंतपणाला आलेली, पाच आठवड्यांसाठी. तिला जायचं होतं, पण लेक तिला विमानात बसू देत नव्हती. दोघींचं बोलणं इंग्रजीत चालायचं. शैलाताईंनी सांगलीच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये तीस वर्षं काढलेली, त्यांचं इंग्रजी स्वच्छ आणि तुटक, ट्रंक कॉल जोडून दिल्यासारखं. बोडिलचं इंग्रजी हेलकावत यायचं, बोटीतून. पण शैलाताईंच्या कानात ते मराठीतच पडायचं, आणि आठवड्याभरात त्या मनातल्या मनात तिला अगं-तुगं करायला लागल्या होत्या.

मेधा लॅबमध्ये दिवसभर स्वॅब तपासायची, म्हणून घराचा नियम कडक होता: बाहेरच्या माणसापासून दोन हात लांब. कुंपण तर आयतंच होतं. एकीनं मेथी कशी खुडायची ते सांगावं, दुसरीनं राय नावाच्या धान्याचा पाव कसा आंबवायचा ते. बोडिलच्या त्या पावाची एक वडी शैलाताईंनी चाखली आणि "पौष्टिक आहे" म्हणाल्या. आवडलेल्या पदार्थाला त्या कधीच पौष्टिक म्हणत नसत.

ती कोण आहे हे कळायला जून उजाडला. मेधानं रविवारी सहज तिचं नाव फोनवर टाकलं आणि किंचाळलीच.

"आई! इकडे या, लवकर!"

व्हिडिओत बोडिल एका जुन्या चर्चच्या बाकावर बसली होती, वीसेक वर्षांनी तरुण. समोर एक आडदांड मासेमार. तिनं डॅनिशमध्ये काहीतरी विचारलं. खाली इंग्रजी अक्षरं आली: तुमचा देवावर विश्वास आहे, तर मग तुम्ही भावाशी बोलत का नाही? एवढं विचारलं आणि ती गप्प बसली. नुसती गप्प. पाऊण मिनिट झालं, मिनिट झालं. मग त्या मासेमाराचा खालचा ओठ थरथरला आणि तो ढसाढसा रडत बोलायला लागला.

"श्रद्धा, पाप-पुण्य, खरं-खोटं यांवरच्या डॉक्युमेंटऱ्या," मेधा वाचत होती. "तीस वर्षं. तिकडे रस्त्यात लोक थांबवतात हिला."

"आणि आपली आई," हृषिकेश म्हणाला, "काल तिला मुळ्याचा पाला टाकू नये म्हणून रागवत होती."

"टाकूच नये," शैलाताई म्हणाल्या. पण मनात आलं, खोटं बोलणाऱ्या माणसाच्या शेजारी देवानं राहायला कुणाला पाठवावं!

*

ऑगस्टात रस्त्याकडेची वॉटलची झाडं हळद सांडल्यासारखी पिवळी झाली. त्याच आठवड्यात एका संध्याकाळी हृषिकेशनं जेवताना ताटावरून हात उचलला.

"आई, मी ठरवलंय. मीच तुला सोडून येतो."

"कुठं?"

"कुठं काय? सांगलीला! सरकारी विमानाची वाट बघून काही होत नाही. इथून बाहेर पडायला परवानगी लागते, त्याचा अर्ज मी सोमवारी केलाय. आली की मिळेल त्या मार्गानं दोघांची तिकिटं काढतो."

"आणि परत येणं?" हे मेधानं विचारलं. आवाज अगदी सपाट, इस्त्री केल्यासारखा.

"परत येणाऱ्यांची संख्या ठरवून दिलीये ना आता. मिळेल तेव्हा मिळेल. दोन महिने, चार महिने. काहीतरी होईल."

मेधानं भाताचा डाव भातातच रोवून ठेवला. रुचा म्हणाली, "बाबा, आर यू गोइंग ऑन अ प्लेन? कॅन आय कम?"

नंतर भांडी घासताना शैलाताई सुनेला म्हणाल्या, "अगं, तू सांग की त्याला, नको जाऊ म्हणून."

"मी कसं सांगू, आई?" मेधा नळाकडे बघत म्हणाली. "तुमचा जीव तिकडे अडकलाय. रोज फोनवर ऐकते ना मी. माझी आई अशी कुठे अडकली असती तर मीही गेलेच असते. मी रुचाला बघेन. डे-केअर आहे, शिफ्ट बदलून मिळतात का बघते." मग ओल्या हातानंच तिनं नाक पुसलं. "कांदा चढला," ती म्हणाली. कांदा सकाळी चिरला होता.

त्या सुस्काऱ्यांनी काय करून ठेवलं ते शैलाताईंना तेव्हा उमगलं. मुलगा जाणार. तिकडे अडकणार, खराखुरा अडकणार. ही पोर इथे एकटी, शिफ्ट आणि लेकीच्या मध्ये. आणि सगळं कशासाठी, तर ज्या बाईला जायचंच नाही तिला पोचवायला! परवानगी यायच्या आत बोलायला हवं होतं. पण बोलायचं म्हणजे आपल्याच पोटच्या पोराला सांगायचं की तीन महिने मी तुला फसवलं. मग तो म्हणाला, तू जाच, तर?

दुसऱ्या दिवशी त्या बोलायला म्हणून गॅरेजच्या दारापर्यंत दोनदा गेल्या. एकदा चहा देऊन आल्या. एकदा नुसत्याच आल्या.

*

त्याच दुपारी बोडिलचं डोकं कुंपणावर आलं.

"शैला, माझं एक काम करशील? माझी सगळी टीम कोपनहेगनला बसलीये आणि चॅनलला माझ्याकडून फिल्म हवीये. या आजारात माणसं एकमेकांशी किती खरं वागताहेत, हा विषय आहे. कॅमेरा म्हणजे हा माझा फोन. मी तुला एक प्रश्न विचारणार, तू उत्तर द्यायचं."

"कुठं दाखवणार?"

"डेन्मार्कमध्ये."

"डेन्मार्कमध्येच?"

"तिथेच. डॅनिशमध्ये."

शैलाताईंच्या डोक्यात लख्ख उजेड पडला.

त्यांचं माहेर हरिपूरचं. तिथं महादेवाच्या देवळात जायचं तर आधी नंदीपाशी थांबायचं, त्याचा एक कान हातानं झाकायचा, दुसऱ्या कानाशी तोंड न्यायचं आणि मनातलं सांगून टाकायचं. लोक नवस सांगायचे. लहानगी शैला गुन्हे सांगायची. वर्गातल्या कुसुमची पेन्सिल आपण घेतली, दुधावरची साय आपण खाल्ली आणि मांजराचं नाव सांगितलं. नंदीला सांगितलेलं महादेवापर्यंत जातं, आईपर्यंत येत नाही. सांगितलं की छाती हलकी व्हायची आणि पेन्सिल आपल्याकडेच राहायची. असा चोख कारभार पुढे त्यांना टेलिफोन खात्यातसुद्धा बघायला मिळाला नाही.

आणि आता हा नंदी चालत कुंपणापाशी आला होता. डेन्मार्कचा. त्याच्या कानात सांगितलेलं समुद्रापलीकडे जाणार, तिथल्या भाषेत विरून जाणार. खरं एकदा कुठंतरी बोलून झालं की निम्मं ओझं उतरेल, उरलेलं निम्मं घेऊन गॅरेजमध्ये जाता येईल. कदाचित जावंच लागणार नाही.

"उद्या सकाळी दहाला," त्या म्हणाल्या. "साडी नेसून येते."

दुसऱ्या दिवशी बोडिलनं पिवळ्या झाकणाचा कचऱ्याचा बिन कुंपणाला टेकवला, त्यावर तिपाई उभी केली, तिपाईवर फोन. इकडे शैलाताई क्रेटवर उभ्या, जांभळ्या नारायणपेठीत, वर मेधाचं निळं फुगीर जॅकेट. कुठूनतरी एक मॅगपाय पक्षी येऊन पत्र्यावर बसला आणि दोघींकडे आळीपाळीनं बघू लागला.

बोडिलनं बटण दाबलं. तिचा चेहरा बदलला. व्हिडिओतला झाला.

"शैला, या दिवसांत तू तुझ्या माणसांपासून काही लपवलं आहेस का?"

आणि ती गप्प बसली.

शैलाताईंनी तोंड उघडलं. रात्रभर वाक्य जुळवून ठेवलं होतं. पण ही बोलेना, हालेना, पापणीसुद्धा नाही. पाच सेकंद. दहा सेकंद. तीस वर्षं लाइनवर बसलेल्या बाईला अशी शांतता कशी सोसावी?

"हॅलो?" शैलाताई म्हणाल्या.

बोडिल गप्प.

"बोडिल, आवाज येतोय का माझा? चहा आणू का?"

बोडिल गप्पच. तिकडचे मासेमार इथवर येईतो वितळले होते. शैलाताईंनी तिच्याकडे नीट पाहिलं आणि त्यांना वेगळंच काही दिसलं. ही दमलीये. हिच्या हातातून खुंटा सुटतोय.

हरिपूरला आत्या दळायला बसायची तेव्हा समोर शैलाला बसवायची. जात्याला दोघी लागतात. एकीनं ओवी सोडली की दुसरीनं उचलायची. एकीचा आवाज थांबला तर समजायचं, तिचा दम गेला, आता जोर आपण लावायचा. थांबलेल्या बाईला थांबू द्यायचं, जातं नाही थांबू द्यायचं. तर शैलाताईंनी डोळे मिटले आणि क्रेटवर उभ्या उभ्याच सूर धरला:

साता समुद्रांपल्याड
लेकी तुझं गं सासर
आजी निघाली भेटीला
वाट अडवी आजार

आणि एकदा जातं फिरलं की ते कुणाचं ऐकतं? पुढची आपोआपच आली, कुणी रचली कुणास ठाऊक:

दारी उघडी ही वाट
माझा पाय गं निघेना
खोटं बोलते मी बाई
खरं ओठात रिघेना

मॅगपाय उडून गेला. शैलाताईंनी डोळे उघडले, ओव्यांचा अर्थ इंग्रजीत सांगितला आणि मग बाकीचंही सांगितलं. तीन विमानं. तीन नकार. सुस्कारे. मुलाचा अर्ज. नवरा गेल्यापासून सांगलीच्या घरात धाकटा माधव आणि त्याची बायको वीणा किती जपतात ते. "आई, तुम्ही बसा. आई, तुम्हाला झेपायचं नाही. आई, राहू दे."

"तिथं मी माळ्यावर जपून ठेवलेलं पितळेचं भांडं आहे गं," त्या म्हणाल्या. "दिवाळीला काढतात, चिंच लावून लखलखीत करतात, परत ठेवतात. इथं मी रोजच्या वापरातली कढई. तळाला काळी झालेली. पण चुलीवर! माझ्याशिवाय या घरात सकाळ होत नाही. हे सोडून कसं जाऊ?"

मग त्या थांबल्या, आणि बोडिलकडे बघत राहिल्या.

बराच वेळ गेला. "झालं?" बोडिलनं हळूच विचारलं.

"माझं झालं. आता तुझी पाळी."

"माझी?"

"जात्याला दोघी लागतात. मी दोन ओव्या ओढल्या. आता तू."

"शैला, मी प्रश्न विचारते. मी उत्तर देत नाही."

शैलाताई गप्प. नुसत्या गप्प. मुद्दाम काही नव्हतं त्यात. समोरचीनं खुंटा उचलेपर्यंत थांबायचंच असतं.

बोडिलनं आधी फोनकडे पाहिलं. मग आकाशाकडे. मग तिच्या निळ्या डोळ्यांत पाणी आलं, आणि तिला स्वतःलाच त्याचं एवढं आश्चर्य वाटलं की ती हसली.

"एक शाळामास्तर होता," ती म्हणाली. "उत्तरेकडच्या एका बेटावरचा. मी त्याला असाच प्रश्न विचारला आणि गप्प बसले. त्यानं सांगितलं. आयुष्यभर कुणालाच न सांगितलेलं. मी मुक्कामी जाऊन नाचले, शैला! इतका सुंदर प्रसंग झाला होता. फिल्मला मोठं बक्षीस मिळालं. आणि त्याच्या बायकोनं ते पहिल्यांदा टीव्हीवर ऐकलं. सगळ्या देशाबरोबर. स्वयंपाकघरात, उभ्यानं."

"मग?"

"ती बेट सोडून गेली. मी त्याला एक ओळसुद्धा लिहिली नाही. एकोणीस वर्षं झाली. लोकांना विचारत फिरते, तुम्ही क्षमा मागितली का!"

शैलाताईंनी कुंपणावरून हात पुढे केला. मग नियम आठवून तो पत्र्यावरच ठेवला. बोडिलनं पलीकडून त्याच जागी आपला ठेवला. मध्ये पत्रा, ऑगस्टातला, गारढोण.

मग बोडिलनं फोन उचलला आणि बंद केला.

"हे मी दाखवणार नाही. आधी तुझ्या मुलानं ऐकायचं. मग माझ्या फोननं."

"अगं, पण डेन्मार्कात कोण बघतंय!"

"मी बघतेय," बोडिल म्हणाली. "जा, शैला."

क्रेटवरून उतरताना शैलाताई चांगल्याच रागावल्या होत्या. असा नंदी असतो का कुठं? सगळं ऐकून घेतो आणि वर म्हणतो, घरी जाऊन सांग!

*

त्या गॅरेजच्या दारात पोचल्या तेव्हा आत मीटिंग चालू होती. थांबल्या. साडीच्या निऱ्या सारख्या केल्या, जॅकेटची चेन वर केली, खाली केली. कोणीतरी "नो वरीज, मेट" म्हणालं, मीटिंग संपली, आणि हृषिकेश दार उघडून वादळासारखा बाहेर आला.

"आई! आली! परवानगी आली!" त्यानं त्यांना खांद्याला धरून गदागदा हलवलं. "आत्ता मेल आला. जायचं आपण!"

त्याचा चेहरा दहावीचा निकाल लागला होता तेव्हासारखा झाला होता. हा चेहरा आपल्याला पुसायचाय, शैलाताईंच्या मनात आलं.

"हृषी, विमानं होती."

"कुठली विमानं?"

"तीन. मे, जून, जुलै. मला फोन आले होते. मी नको म्हणाले."

तो आधी हसला. "आई, चेष्टा नको गं." मग त्यानं त्यांच्याकडे पाहिलं आणि त्याचं हसू कोपऱ्याकोपऱ्यानं निघून गेलं.

"मी दर सोमवारी त्या लोकांना फोन करतोय," तो सावकाश म्हणाला. "मागच्या सोमवारी एकाला आवाज चढवून बोललो. म्हटलं, माझी आई सहासष्ट वर्षांची आहे, तुम्हाला काही वाटतं का? तो 'सॉरी सर, सॉरी सर' करत होता. आणि तू तेव्हा शेजारी बसून मटार सोलत होतीस!"

"हो. मला फार वाईट वाटलं त्या मुलाचं."

"आई!"

"मला जायचं नव्हतं रे."

"मग तसं सांगायचंस! मी तुला हाकललं असतं?"

"तू हाकललं नसतंस. पण मीच अडकलेली असले की तुला मला ठेवून घ्यायलाच लागतं. मला राहायचंय म्हटलं की तुला विचार करायला लागला असता." हे त्यांनी रात्री जुळवलेल्या वाक्यांत नव्हतं. ते आत्ताच, बोलता बोलता, त्यांनाही कळलं. "आणि विचार करून तू नाही म्हणाला असतास, तर?"

हृषिकेश खाली बसला. गॅरेजच्या पायरीवर, मांडी घालून, लहानपणी रुसल्यावर बसायचा तसा.

"आज सांगतेस. परवानगी आल्यावर."

"आधीच सांगणार होते. तुझी मीटिंग होती."

त्यानं कपाळावर हात मारला, खिशातून फोन काढला आणि स्पीकरवर टाकला. सांगलीत सकाळ होती. "माधव? ही घे आई. हिला तुला काहीतरी सांगायचंय." आणि फोन त्यांच्यापुढे धरला.

शैलाताईंनी सांगितलं. दुसऱ्यांदा सांगताना वाक्यं जरा सोपी झाली होती. पलीकडे शांतता पसरली. त्यांनी या वेळी हॅलो म्हटलं नाही.

"म्हणजे तू येत नाहीयेस," माधव म्हणाला.

"नाही. रागावलास?"

पलीकडे कुजबुज. मग वीणाचा आवाज, घाबराघुबरा. "आई, तुम्ही गैरसमज करून घेऊ नका हं. पण माझी शाळा ऑनलाइन झाली ना, तर तुमच्या खोलीत मी फळा लावलाय. कपाटाला. खिळे मारून. विमान सुटणार अशी बातमी आली की तुम्ही याल म्हणून फळा काढतो, पलंग परत लावतो. बातमी गेली की पलंग काढतो, फळा लावतो..."

"चार वेळा झालं आई," माधव ओरडला. "माझी कंबर धरलीये! आधी सांगायचंस गं!"

पायरीवर बसलेल्या हृषिकेशचे खांदे हलायला लागले. शैलाताईंना वाटलं, रडतो की काय. तो हसत होता, आणि हसतोय याचाच त्याला राग येत होता. शैलाताईही हसल्या. पण हसता हसता आत कुठंतरी बारीक टोचलं. त्यांच्या कपाटाला खिळे. त्यांच्याशिवाय तिथली सकाळ छान होत होती. बरं, असू दे. दोन्हीकडे हवं असायला आपण काय दूधवाले आहोत?

मेधा चारला आली. गालांवर मास्कचे वळ, हातात चपला. दारातच हृषिकेशनं तिला सगळं एका दमात सांगितलं. ती ऐकत राहिली. मग सासूकडे वळली. तोंड उघडलं, मिटलं, एक पाऊल पुढे आली आणि थबकली. लॅबमधून आल्यावर आंघोळीआधी कुणाला शिवायचं नाही.

"थांबा आई," ती म्हणाली. "आंघोळ करून येते, मग भांडते."

न्हाणीघरातून बराच वेळ पाण्याचा आवाज येत राहिला, आणि पाण्याच्या आवाजात तिचं गाणं. मोठ्यानं. चक्क बेसूर.

*

हृषिकेश तीन दिवस बोलला नाही. म्हणजे "मीठ दे" आणि "दार लाव" एवढंच बोलला. कॉन्सुलेटच्या त्या माणसाला मात्र त्यानं फोन करून माफी मागितली आणि आईचं नाव यादीतून काढायला सांगितलं.

"सांगितलंस?" बोडिलनं कुंपणावरून विचारलं.

"सांगितलं. बोलत नाही माझ्याशी. तू?"

"पत्र टाकलं काल. बेटावर." तिनं मेथीची एक काडी तोंडात धरली होती. "तो उत्तर देईल असं वाटत नाही."

"नको देऊ दे. तू लिहिलंस ना."

फिल्ममध्ये काय घ्यायचं ते अजून ठरलं नव्हतं. बोडिल म्हणत होती की पहिला प्रश्न ती या वेळी स्वतःलाच विचारणार.

चौथ्या दिवशी जेवणं झाल्यावर हृषिकेशनं लॅपटॉप आणून टेबलावर ठेवला. शैलाताईंच्या व्हिसाची मुदत आणखी सहा महिने वाढवायचा फॉर्म होता. मागच्या वेळी कारणाच्या रकान्यात "विमानं उपलब्ध नाहीत" असं लिहिलं होतं. तो खाकरला आणि फॉर्मकडेच बघत म्हणाला, "आता काय लिहू? विमानं तर आहेत."

चार दिवसांतलं पहिलं लांब वाक्य. मेधानं ताटं तशीच ठेवली आणि येऊन बसली.

"लिही," शैलाताई म्हणाल्या, "की घरात माझं काम आहे."

"आई, काम लिहिलं तर व्हिसाच देणार नाहीत!" मेधा म्हणाली. "व्हिजिटरला इथे काम करायची परवानगी नाही."

"मग मी आठ महिने काय करतेय?"

"ते आपण लिहायला नको," हृषिकेश म्हणाला. ओठाचा एक कोपरा वर गेला होता, पण त्यानं तो लगेच खाली ओढला. थोडा वेळ विचार करून त्यानं टाइप केलं, आणि मराठी करून वाचलं, "अर्जदार आपल्या कुटुंबासोबत राहू इच्छिते."

"इच्छिते," शैलाताईंनी शब्द तोंडात घोळवून पाहिला. आयुष्यात कुठल्याच फॉर्मवर त्यांच्याबद्दल असं काही लिहिलेलं नव्हतं. "हं. ते ठेव."

त्यानं बटण दाबलं. पडद्यावर एक गोल फिरायला लागला, फिरत राहिला.

"पण आई, मी अजून रागावलेलोच आहे," तो म्हणाला. "एवढ्यात सोडणार नाही मी."

"रागाव की मनसोक्त," शैलाताई ताटं उचलत म्हणाल्या. "आता काय, सहा महिने आहेत."